थैली कोणाच्या हाती?

शास्त्रपाठ : १ करिंथ १६:१-४, २ करिंथ ८:१८-२१



यरुशलेमेतील गरीब पवित्र जनांसाठी पौल प्रेषिताने मासेदोनिया, अखया व गलतिया येथील मंडळ्यांतून निधी जमविला, हे आपणां सर्वांस ठाऊक आहे. उपासनेत दानार्पणाची वेळ आली म्हणजे आपण ह्या अध्यायांचा आधार घेतो आणि द्यावे कसे हे शिकवितो. परंतु ह्याच अध्यायांत दुसरी एक गोष्ट आहे, तिच्याकडे आपले लक्ष क्वचितच जाते. दिलेला पैसा न्यावा कोणी, आणि त्याचा हिशेब कोणापुढे व्हावा, ह्याविषयी पौलाने घेतलेली काळजी ही ती गोष्ट होय.

पौल हा प्रेषित होता. ज्या मंडळ्या त्याने स्वतः स्थापिल्या, त्यांनी डोळे मिटून त्याच्या हाती थैली दिली असती. तरी तो एकटा ती थैली घेऊन निघाला नाही. करिंथ येथील बंधूंस त्याने कळविले की, तुम्ही ज्यांस पसंत कराल त्यांच्याच हाती तुमचे दान पाठवीन. पुढे तीताबरोबर त्याने आणखी एक बंधू धाडिला, आणि तो मंडळ्यांनी निवडलेला होता. ह्याचे कारणही त्याने सांगितले. एवढ्या मोठ्या रकमेविषयी कोणास बोट दाखविण्यास जागा राहू नये, आणि आपला व्यवहार देवापुढे तसाच माणसांपुढेही चोख असावा, अशी त्याची इच्छा होती.

‘माणसांपुढेही’ ह्या शब्दावर आज आपण विचार करू. “देव माझे अंतःकरण जाणतो” असे म्हणून पौलास हिशेबातून सुटता आले असते. त्याने ती वाट धरिली नाही.

हा विषय मी का निवडिला, हे प्रथम सांगणे मला भाग आहे, कारण त्यात माझा स्वतःचा अपराध आहे. सुमारे २० वर्षांपूर्वी मी एका खेड्यातील मंडळीत उपदेशक होतो. तेथील एका विधवा बहिणीस पतीच्या नोकरीतील देणे म्हणून ४०,००० रुपये मिळाले होते. मुलीला नर्सिंगच्या शिक्षणासाठी पाठवावे, असा तिचा बेत होता. त्याच सुमारास शेजारच्या मंडळीतील एक बंधू एका कंपनीचा एजंट म्हणून आमच्याकडे आला. उपासना संपल्यावर त्याने छापील पत्रके वाटली आणि पाच वर्षांत रक्कम दुप्पट होईल असे सांगितले. त्या बाईने माझ्याकडे पाहून विचारले, “मास्तर, ठेवू का?” मी म्हणालो, “भाऊ आपलाच आहे, ठेवा.” तिसऱ्या वर्षी कंपनीच्या कचेरीस कुलूप लागले. ती बहीण माझ्या घरी आली. तिच्या पावत्या बायबलच्या पानांत नीट ठेविलेल्या होत्या. ती रडली नाही, रागेही भरली नाही. तिने एवढेच विचारले, “मास्तर, तो कागद तुम्ही वाचला होता का?”

मी तो वाचला नव्हता. त्या प्रश्नाचे उत्तर मी आजवर शोधीत आहे, आणि हे प्रवचन त्याच शोधातून निघाले आहे.

पहिली गोष्ट, बाजूला ठेवण्याविषयी. पौल सांगतो की, आठवड्याच्या पहिल्या दिवशी प्रत्येकाने आपल्या मिळकतीच्या मानाने काही वेगळे काढून ठेवावे. तो बोलतो ते दानाविषयी, परंतु ती रीत बचतीसही तशीच लागू पडते. तो एकदम मोठी रक्कम मागत नाही. थोडे असो, पण ते नियमाने व ठरलेल्या दिवशी वेगळे काढावे, हा त्याचा धडा आहे. आपल्यांतील कित्येक जण म्हणतात की, उद्याची चिंता प्रभूने वर्जिली आहे, तेव्हा बचत करणे हे अविश्वासाचे लक्षण होय. पण चिंता निराळी आणि तजवीज निराळी. योसेफाने मिसर देशात सात वर्षे धान्य साठविले, ते देवाने दाखविलेल्या मार्गाने साठविले, आणि त्यामुळे पुष्कळांचे प्राण वाचले.

ह्या बाबतीत एका पाळकाचे उदाहरण आपण सर्वांनी जाणून घेण्याजोगे आहे. स्कॉटलंडात डम्फ्रीसशायर प्रांतात रुथवेल नावाचे एक लहान खेडे आहे. तेथे हेन्री डंकन हे पाळक होते. तरुणपणी लिव्हरपूल येथील एका पेढीत त्यांनी सुमारे तीन वर्षे नोकरी केली होती. त्यामुळे पैशाचा व्यवहार कसा चालतो हे त्यांस ठाऊक होते. त्यांच्या गावचे शेतमजूर व मोलकरणी ह्यांस पेढीचे दार बंदच असे, कारण त्या काळी १० पौंडांहून कमी रक्कम पेढ्या ठेव म्हणून घेत नसत. कष्टकऱ्यास तेवढी रक्कम एकदम कोठून मिळणार? म्हणून डंकन ह्यांनी १८१० साली गावातच बचतीची पेढी उघडिली. तीत सहा पेन्स, म्हणजे अर्धा शिलिंग, आणूनही खाते काढता येई. पहिल्या वर्षी सुमारे १५१ पौंड जमले. जमलेला पैसा ते एका मोठ्या पेढीत व्याजाने ठेवीत, आणि ते व्याज मोलकरणीच्या सहा पेन्सांपर्यंत पोहोचे.

ह्या पेढीची दोन अंगे विशेष ध्यानात धरावीत. पैशाच्या पेटीस एकाहून अधिक कुलपे असून त्यांच्या किल्ल्या निरनिराळ्या माणसांपाशी असत. पाळकसाहेबांनाही ती एकट्याने उघडता येत नसे. शिवाय ठेवीदारांची सभा भरून तीत कारभार पाहिला जाई. डंकन हे सज्जन होते ह्यात संशय नाही, पण आपल्या सज्जनपणाच्या भरवशावर त्यांनी लोकांचा पैसा ठेविला नाही. पेढीची घडणच त्यांनी अशी केली की, उद्या एखादा लबाड मनुष्य त्या जागी आला तरी त्याचे हात बांधलेले राहावेत. १८४३ साली स्कॉटलंडच्या मंडळीत फूट पडून स्वतंत्र मंडळी उभी राहिली, तेव्हा डंकन घर व वेतन सोडून तीत गेले. त्याच वेळी आपल्या मुंबईचे डॉ. जॉन विल्सन ह्यांनीही तीच वाट धरिली.

दुसरी गोष्ट, थैली धरणाऱ्याविषयी. प्रभु येशूच्या बारा शिष्यांतही एक थैली होती. ती यहूदा इस्कर्योत ह्याच्यापाशी असे आणि तो तीतून चोरी करी, असे योहान लिहितो. तो परका नव्हता. प्रभूच्या पंक्तीस बसणारा होता. ‘भाऊ आपलाच आहे’ हे माझे वाक्य ह्या जागी किती पोकळ ठरते ते पाहा. एकाच मंडळीचा असणे हे सोबतीला पुरे आहे, पण पैशाच्या बाबतीत ते पुरे नाही.

आता रुथवेलच्या पेटीच्या मानाने आजच्या थैल्या फार मोठ्या झाल्या आहेत. आज खेड्यातील शिक्षक, नर्सबाई व दुकानदार दरमहा ५०० रुपये म्युच्युअल फंडात टाकतात. हा फंड म्हणजे काय? पुष्कळ लोकांच्या लहान रकमा एकत्र करितात आणि त्यांतून एक कारभारी कंपन्यांचे शेअर व सरकारचे किंवा कंपन्यांचे कर्जरोखे विकत घेतो. प्रत्येकास आपल्या रकमेच्या मानाने हिस्से मिळतात, त्यांस युनिट म्हणतात. शेअरांचे भाव चढले की युनिट चढते, ते उतरले की उतरते. ही बँकेतील ठेव नव्हे. परतावा ठरलेला नसतो आणि मुद्दल घटूही शकते. ही रीत मुळात वाईट नाही. एकट्या गरिबास दहा धंद्यांत वाटा घेता येत नाही, तो अशा फंडाने घेता येतो. पण हिस्सा खरा किती, हे जर कारभारी सांगत नसेल तर काय होते, हे आपल्या देशाने एकदा अनुभविले आहे.

१९६३ साली कायदा होऊन युनिट ट्रस्ट ऑफ इंडिया ही संस्था स्थापन झाली. तिचे मुख्य ठाणे मुंबईस होते. १९६४ साली तिने ‘युनिट स्कीम १९६४’ ही योजना काढिली. युनिटाची दर्शनी किंमत १० रुपये होती. सरकारने उभारलेली संस्था आणि दरवर्षी मिळणारा लाभांश ह्यांमुळे लोकांचा तिजवर असा भरवसा बसला की, तिला ते बँकेतील ठेवच समजू लागले. पुढे धारकांची संख्या २ कोटींच्या घरात गेली. ज्या भावाने युनिटे विकावयाची व परत घ्यावयाची, तो भाव संस्था स्वतः ठरवी. गाठीच्या मालाची बाजारात जी खरी किंमत असे, तिच्याशी तो भाव बांधलेला नव्हता. पुढील काळात निधीचा मोठा भाग शेअरांत गुंतला. शेअर कोसळले तेव्हा माल हलका झाला, पण भावाची पाटी चढतीच राहिली.

हे कसे घडते ते पेवाच्या दृष्टांताने समजेल. दहा शेतकऱ्यांनी प्रत्येकी एक पोते जोंधळा एका पेवात ठेविला. कीड लागून सहाच पोती उरली. पण कारभारी पेव न उघडता सांगतो, “प्रत्येकाचे पोते भरलेले आहे.” ज्या सहा जणांस आतली बातमी लागते ते आधी येऊन पुरे पोते घेऊन जातात. मागाहून येणाऱ्या चौघांच्या वाट्यास रिकामे पेव येते. कीड लागणे हा दैवाचा भाग झाला. पण ती लपविल्यामुळे सहांचा तोटा चौघांच्या माथी बसला, आणि हा अन्याय होय. खोटा तराजू देवाला किळसवाणा वाटतो असे नीतिसूत्रांत शिकविले आहे. खोटा भाव हा खोट्या तराजूचाच भाऊ आहे.

तेथेही तसेच झाले. २००१ सालच्या एप्रिल व मे ह्या दोन महिन्यांत ४,००० कोटी रुपयांहून अधिक रक्कम योजनेतून काढून घेण्यात आली आणि काढणाऱ्यांत मुख्यतः मोठ्या कंपन्या होत्या. त्या मे महिन्यात परत खरेदीचा भाव सुमारे १४ रुपये २५ पैसे होता. जुलै महिन्याच्या आरंभी संस्थेने युनिटे परत घेणे सहा महिन्यांसाठी थांबविले. जो लहान बचतदार दाराशी आला नव्हता, त्याच्या तोंडावर दार लागले. मग गलबला झाला, तेव्हा ३,००० युनिटांपर्यंतच्या धारकांस ऑगस्टपासून १० रुपये भावाने, व पुढे दरमहा १० पैसे वाढवून, पैसे मिळण्याची सोय करण्यात आली. २००३ साली संस्थेचे दोन भाग झाले आणि ह्या योजनेच्या धारकांस शेकडा ६.७५ व्याजाचे करमुक्त रोखे देण्यात आले. सरकारने भार उचलला म्हणून अनर्थ टळला. पण सरकारचा पैसा हा शेवटी प्रजेचाच पैसा, हे विसरू नये.

ह्या प्रकरणापासून आपण काय घ्यावे? कोणावर विश्वासच ठेवू नये, हा धडा नव्हे. विश्वास आणि हिशेब ही दोन पावले बरोबर चालली पाहिजेत, हा धडा आहे. आज म्युच्युअल फंडांस प्रत्येक कामाच्या दिवशी युनिटाची खरी किंमत जाहीर करावी लागते. पेवाचे झाकण रोज उघडावे लागते, असेच म्हणा ना. ही सुधारणा चांगली आहे. मात्र झाकण उघडले असता आत डोकावून पाहणे हे आपले काम आहे.

म्हणून तिसरी गोष्ट, विचारण्याविषयी. आपल्या लोकांत एक भिडस्तपणा आहे. साहेबास किंवा सुटाबुटातील एजंटास प्रश्न विचारणे आपणांस उद्धटपणाचे वाटते. पौलाने मात्र लोकांनी विचारण्यापूर्वीच उत्तर तयार ठेविले. प्रामाणिक कारभाऱ्यास प्रश्नाचा राग येत नाही. ज्यास राग येतो, त्याच्या हाती थैली देऊ नका. मी उपदेशक बंधूंस विनंती करितो की, पुढील प्रश्न त्यांनी मंडळीतील प्रत्येक घरी शिकवावेत.

पहिला प्रश्न : हा पैसा वाढणार कशाने? ७२ ह्या अंकास वर्षांच्या संख्येने भागावे, म्हणजे दुप्पट होण्यास सुमारे किती व्याज लागते ते कळते. पाच वर्षांत दुप्पट, म्हणजे दरसाल शेकडा १४ ते १५. बँक जेव्हा त्याच्या निम्मेच देते, तेव्हा हा मनुष्य उरलेले कोठून आणणार? ह्याचे उत्तर मिळाले नाही, तर नव्या ठेवीदाराचा पैसा जुन्यास दिला जात आहे, अशी शंका धरावी. मी एवढाच भागाकार केला असता तर त्या बहिणीचे ४०,००० रुपये वाचले असते.

दुसरा प्रश्न : ह्यांस परवाना कोणाचा? शेअर व फंड ह्यांवर १९९२ सालच्या कायद्याने सेबी ह्या मंडळाची देखरेख आहे, बँकांवर रिझर्व्ह बँकेची आहे. ज्या ठेव योजनांस कोणाचीच परवानगी नाही, त्या २०१९ सालच्या कायद्याने बंद केल्या आहेत. छापील पत्रक, मोठी सभा आणि आरंभी म्हटलेली प्रार्थना, ह्यांपैकी काहीही परवान्याची जागा घेत नाही.

तिसरा प्रश्न : बुडाल्यास काय? बँक बुडाली तर एका ठेवीदारास ५ लाख रुपयांपर्यंत विम्याचे संरक्षण २०२० सालापासून आहे. सहकारी बँकाही त्यात येतात. पण पतसंस्थेतील ठेवीस तो विमा नाही, आणि फंडातील युनिटांसही नाही. पाटीवर ‘बँक’ आहे की ‘पतसंस्था’, हे वाचूनच आत पाऊल टाकावे.

चौथा प्रश्न : तुम्ही ह्यातून किती घेता? मजुराने मजुरी घ्यावी हे योग्यच आहे, परंतु ती किती हे धन्यास ठाऊक असावे. १०,००० रुपये २० वर्षे शेकडा ८ ने वाढले तर सुमारे ४६,६०० होतात. त्यांतून दरसाल शेकडा १ खर्चात गेला आणि ७ च उरले, तर सुमारे ३८,७०० होतात. म्हणजे शेकडा एक एवढ्या दिसण्यात लहान आकड्याने जवळजवळ ७,९०० रुपये नेले. उंदीर रोज मूठभरच खातो, पण कणगी रिकामी करितो.

पाचवा प्रश्न आपल्या स्वतःच्या विवेकबुद्धीचा आहे : माझा पैसा कोठे जाऊन काय करितो? मद्याचे दुकान काढू नये असे आपण शिकवितो, आणि मद्याच्या कारखान्याचा वाटा फंडातून नकळत आपल्याकडे असतो. अमेरिकेत व्हिएतनामच्या युद्धाच्या वेळी, १९७१ साली, दोन मेथडिस्ट पाळकांनी पुढाकार घेऊन पॅक्स वर्ल्ड नावाचा फंड काढिला. शस्त्रास्त्रांच्या धंद्यात पैसा घालावयाचा नाही, हा त्यांचा नियम होता. सर्वांस तसे करिता येईल असे मी म्हणत नाही. पण पैसा दूर गेला म्हणून आपली जबाबदारी दूर जात नाही, हे त्यांनी ओळखिले.

ह्या सर्वांच्या मुळाशी असलेला एक शत्रू मात्र कोणत्याही कायद्याने आवरत नाही. तो आपल्या अंतःकरणातील लोभ होय. ज्या धनवानाने कोठारे मोडून मोठी बांधण्याचा बेत केला, त्याची गोष्ट प्रभूने सांगितली आहे. त्याच्या कोठारात दोष नव्हता. आपला जीव त्या कोठारात सुखरूप आहे असे त्याने मानिले, हा त्याचा मूर्खपणा होता. एजंटाचे पत्रक आपणांस भुलविते, कारण ते आपल्याच मनातले बोलते. त्या दिवशी पत्रक वाचण्याचे मी का टाळिले, ह्याचा मी पुष्कळ विचार केला. खरे सांगावयाचे तर, माझे स्वतःचे ५,००० रुपयेही मी त्याच हाती दिले होते, आणि प्रश्न विचारून माझे स्वप्न मोडावे असे मला वाटत नव्हते. भोळेपणा म्हणून आपण ज्याचा गौरव करितो, त्याच्या पोटात पुष्कळ वेळा लोभ दडलेला असतो.

त्या बहिणीची मुलगी नर्स झाली नाही. ती आज दुसऱ्यांच्या मळ्यात द्राक्षाच्या छाटणीस जाते. मी त्या कुटुंबास थोडे थोडे परत करीत आलो आहे, परंतु गेलेली वर्षे मला परत करिता येत नाहीत. जक्कयाने चौपट देण्याचे कबूल केले, मला एकपटही पुरे करिता आले नाही. उपदेशक बंधूंनो, तुमच्या ‘ठेवा’ ह्या एका शब्दावर गरिबाचे घर उभे असते. जे तुम्ही वाचिले नाही त्याची साक्ष देऊ नका. “मला कळत नाही, आपण जाणत्यास विचारू” असे म्हणण्यात तुमचा मान कमी होत नाही.

त्या मंडळीत आता एक नियम आहे. दानार्पणाचा पैसा दोघे जण मोजतात, आकडा फळ्यावर लिहितात, आणि पेटीस दोन कुलपे आहेत. त्यांपैकी एक किल्ली त्याच विधवा बहिणीपाशी आहे. मंडळीने ती एकमताने तिला दिली. गेल्या वर्षी मी तेथे उपासनेस गेलो असता तिने मला जवळ बोलावून वही पुढे केली आणि म्हटले, “मास्तर, आधी वाचा, मग सही करा.” मी पहिल्या पानापासून वाचावयास बसलो, आणि माझे वाचून होईपर्यंत ती शेजारी थांबली.

आपण सर्व कारभारी आहो आणि एक दिवस धन्यापुढे वही उघडणार आहे. त्या दिवशी आपली वही स्वच्छ निघावी म्हणून आजच ती माणसांपुढे उघडी ठेवू या.

हे देवबापा, आमच्या कष्टाचे थोडे तू जाणतोस. ते जपण्याची बुद्धी आम्हांस दे, विचारण्याचे धैर्य दे, आणि दुसऱ्याचे आमच्या हाती येईल तेव्हा ते तुझेच आहे असे मानून धरण्याची भीती दे. आमच्या सल्ल्याने ज्यांचे नुकसान झाले त्यांस तू सांभाळ, आणि आम्हांस क्षमा कर. प्रभु येशू ख्रिस्ताच्या नावाने मागतो. आमेन.